गोजरबाईच्या रागाची कणगी

कुंभार पिंपळगावात आमचं बिऱ्हाड लागलं, त्याच्या दुसऱ्याच दिवशी सकाळी शेजारच्या घरात खून पडतोय अशी माझी खात्री झाली.

"उठता का ओतू घागर डोक्यावर? मुडद्यावानी पडून राह्यले! दिवस कुठवर आला त्याची काही खबर हाय का न्हाई?"

मी यजमानांचा दंड धरला. म्हटलं, "अहो, कुणीतरी जा ना तिकडे!" आमचे केशवराव तिथल्या शाळेवर मास्तर, माझ्या आधीच येऊन गावाला सरावलेले. दाढीचा हात न थांबवता ते म्हणाले, "काही नाही. गोजरबाई कडूबाला सांगतेय, पाणी तापलंय, आंघोळ करून घ्या."

हे छप्पन सालचं. मी जुन्या जालन्याची. आमच्या गल्लीत भांडणं होत नव्हती असं कुणी म्हणणार नाही, पण ती दार लावून, दात आवळून व्हायची आणि मग महिना महिना अबोला. गोजरबाईच्या घरी दार लावायची रीत नव्हती आणि अबोला हा प्रकार तिला माहीत नव्हता. तिचा राग तव्यावर भाकरी टाकताना चढायचा आणि भाकरी फुगेपर्यंत उतरायचा. मला विचाराल तर आमच्या अबोल्यापेक्षा तो बरा.

तिचा नवरा कडूबा म्हणजे धिप्पाड गडी, मिशा अशा की फौजदाराने सलाम ठोकावा, पण आवाज शेळीच्या पिलाचा. बैल नांगराचं तास सोडून भलतीकडे वळला तर तो त्याला "बाबा, इकडून ये ना जरा" म्हणून विनवायचा. जन्मात तो कुणावर ओरडला नव्हता. घरात ओरडायचं खातं बायकोकडे होतं आणि ते ती इतकं चोख सांभाळायची की त्याला कधी गरजच पडली नाही. त्या घरातला तिसरा माणूस म्हणजे तांबड्या, त्यांचा कोंबडा. स्वभाव मालकिणीचा. मी अंगणात पाऊल टाकलं की माझ्या पोटऱ्यांवर धावून यायचा, म्हणून मी त्यांच्याकडे विरजण मागायला जातानाही छत्री घेऊन जायची.

गोजरबाई सगळ्या गावाला शिव्या द्यायची, फक्त मला नाही. मला "विमलबाई, बसा जी" आणि वर बसायला घोंगडी. सुरुवातीला मी सुटकेचा श्वास सोडला. पण सगळ्या पंगतीला वाढलं आणि आपल्याच पानाला वगळलं की कसं वाटतं, तसं पुढे पुढे वाटायला लागलं. ती मला पाहुणी समजत होती, दुसरं काय!

तिचं खरं राज्य मात्र आठवडी बाजारावर. पोलीस अॅक्शनच्या धामधुमीत बाजाराचा जुना ठेकेदार जो गेला तो परतला नाही, आणि कुणी कुठं बसायचं याला धरबंद राहिला नाही. कुंभारांच्या मडक्यांशेजारी कुणी बैल बांधायचा, मिरचीवाल्याच्या वाऱ्याला लुगड्यांचं दुकान लागायचं. गोजरबाई तेव्हा कांदे विकायला बसायची. एका बाजारी ती कांदे टाकून उठली, काठीनं धुळीत रेघा ओढल्या आणि ज्याला त्याला शिव्या देत जागेवर बसवलं. तेव्हापासून ते काम तिचंच. कुणी नेमलं नाही आणि कुणाची काढायची हिंमत झाली नाही.

आणि त्यातून एक रूढीच पडून गेली. ज्या दुकानाला गोजरबाईची शिवी लागते त्याचा माल संध्याकाळपर्यंत उठतो, असा बाजाराचा पक्का समज झाला. ती शिवी देऊन पुढं गेल्याशिवाय कुणी बोहनी, म्हणजे दिवसाची पहिली विक्री, करेना. गिऱ्हाईक माल हातात घेऊन उभं असायचं आणि दुकानदार म्हणायचा, "थांबा जरा, गोजरमाय येऊन राह्यली." चुकून ती कुणाला न बोलता पुढं गेली तर तो मागं धावायचा, "माय, माहं काय चुकलं? मला काहून सोडलं?" मग ती वळून म्हणायची, "तुह्या वांग्यांचं थोबाड पाहिलं का, मुर्दाडा? तुह्यावर गेलेत!" वांगीवाला हात जोडायचा आणि तराजू उचलायचा. मी जालन्याच्या बाजारात वाढले, पण असा व्यापार पाहिला नव्हता.

अठ्ठावन्न सालच्या उन्हाळ्यात या व्यवस्थेला तडा गेला. बद्रीनाथ कापडवाला हा तिचा आवडता शत्रू. तो दर बाजारी आपलं पाल रेघेच्या हातभर पुढं ठोकायचा, आणि ते मुद्दाम, कारण त्यामुळं सगळ्यात मोठी शिवी त्याला मिळायची. त्या दिवशी गोजरबाई त्याच्या सात पिढ्यांच्या चौथ्या का पाचव्या पिढीवर आली होती. एकाएकी ती थांबली. घोळणा फुटला आणि नाकातून रक्ताची धार लागली. कुणी कांदा फोडून हुंगवला, कुणी डोक्यावर पाणी थापलं. "ऊन लागलं," असं सगळे म्हणाले. गोजरबाई मात्र माझ्याकडे बघत होती आणि तिच्या डोळ्यांत मी पहिल्यांदा भीती पाहिली.

संध्याकाळी ती स्वतः माझ्याकडे आली. "विमलबाई, माह्या आक्काचं असंच झाल्तं. आधी घोळणा फुटला. मंग एक अंग गेलं आन् वाचा गेली. दोन वर्सं खाटेवर पडून होती, नुसती टकाटका बघायची. मरायचं मला भ्या न्हाई. पर तसं न्हाई जगायचं. बोलता येईना तर गोजर कशाची?"

जुन्या जालन्यात माझ्या माहेरच्या गल्लीच्या तोंडाशी मार्तंड डॉक्टरांचा दवाखाना होता. मी म्हटलं, चला. अंबडपर्यंत बैलगाडी, पुढं मोटार. मोटारीत तिनं ड्रायव्हरला रस्त्याच्या मधून चालवायला शिकवलं.

डॉक्टरांनी दंडाला पट्टा बांधला, रबरी फुगा दाबला आणि पाऱ्याकडे बघून भुवया वर चढवल्या. रक्ताचा दाब फार होता. त्यांनी पांढऱ्या बारीक गोळ्या काढल्या. म्हणाले, "सर्पगंधेच्या मुळीतून काढलेलं औषध आहे. मुळी आपल्याकडे पूर्वीपासून वेड्यांना देतात, गोळी नवी आहे."

"मी येडी हाय का, मुडद्या?" गोजरबाई म्हणाली. कंपाउंडरनं बाटली खाली ठेवली. डॉक्टर मात्र हसले. माणूस चांगला होता, समजावून सांगायची हौस असलेला.

"तसं नाही, मावशी. तुमच्या घरी ज्वारी साठवायची कणगी असते ना? तशा आपल्या नसांच्या टोकाला अगदी बारीक बारीक कणग्या असतात. त्यांत एक रस साठवलेला असतो. राग आला की कणगीचं तोंड उघडतं, रस बाहेर पडतो, मग काळीज धडधडतं, नाड्या आवळतात, रक्त उसळ्या मारतं. ही गोळी त्या कणग्यांत माल साठूच देत नाही. तोंड उघडलं तरी आतून काय पडणार?"

गोजरबाईनं एक गोळी तळहातावर घेऊन उलटून पाहिली. मग म्हणाली, "आन् मंग माह्या कणगीत काय राह्यलं?"

डॉक्टरांनी गोळ्यांची पुडी बांधली. "नाक चोंदेल, झोप येईल," एवढंच ते म्हणाले, आणि गोळी रोज सकाळी घ्यायची, एक दिवसही चुकवायची नाही, असं त्यांनी मला बजावलं.

पहिले काही दिवस काहीच झालं नाही. मग एका सकाळी शेजारून भांडं पडल्याचा आवाज आला म्हणून मी डोकावले. कडूबा ओट्यावर उभा होता, पितळेची परात पायाशी पडलेली, आणि चेहरा भूत पाहिल्यासारखा. "काय झालं?" मी विचारलं. तो कुजबुजला, "मला म्हनली, जेवून घ्या." "मग?" "बस. इतकंच. पुढं काहीच न्हाई."

त्या बाजारी गोजरबाई काठी टेकत संथपणे निघाली. नाक चोंदलेलं, पापण्या जड. बद्रीनाथाचं पाल रेघेच्या पुढं होतंच. बाजार कान टवकारून उभा राहिला. ती थांबली, पालाकडे पाहिलं आणि म्हणाली, "बद्रीनाथ, बाबा, जरा मागं सरकतोस का?"

बद्रीनाथाच्या हातातला गज गळून पडला. त्यानं लुगड्यांची गठडी बांधली, पाल गुंडाळलं आणि एक लुगडं न विकता घर गाठलं. घरी जाऊन बायकोला म्हणाला, "गोजरमायचं काही खरं न्हाई. मला बाबा म्हनली." दुपारपर्यंत सगळ्या बाजाराचं एकमत झालं होतं. माणूस जायच्या आधी निवतं, मायाळू होतं, सगळ्यांशी गोड बोलून घेतं. तेव्हा गोजरमाय जायला निघाली. बोहनी कुणाचीच झाली नाही. मिरच्या तशाच घरी गेल्या.

मग तिला भेटायला रीघ लागली. मी दारात उभी राहून सांगत होते, "अहो, त्या बऱ्या आहेत, औषधाचा गुण आहे!" पण शिकल्यासवरल्या बाईचं असल्या बाबतीत कोण ऐकतो! एक म्हातारा आला आणि तिच्या मळ्यातल्या काकड्या पूर्वी कधीतरी आपण चोरल्या होत्या, माफी असावी, म्हणून पाय धरू लागला. गोजरबाई म्हणाली, "असू दे रे. खाल्ल्या ना? गोड होत्या ना?" म्हातारा ढसाढसा रडला. कुणीतरी लेकीला निरोप धाडला. लेक सोनूबाई वेशीपासून गळा काढत आली आणि दारात आईच्या गळ्यात पडली. आईनं तिच्या पाठीवरून हात फिरवला, म्हणाली, "आलीस? बरं केलंस." हे ऐकलं आणि पोरीनं असा हंबरडा फोडला की पलीकडच्या आळीतल्या बायका डोक्यावर पदर घेऊन निघाल्या.

मला हसू आवरत नव्हतं. पण दिवेलागणीला गोजरबाई आमच्या सामाईक भिंतीला टेकून बसली आणि माझं हसू गेलं.

"विमलबाई, राग येतो. येतो मला, बराबर कळतं. पर वर येत न्हाई. घशापातूर बी न्हाई. नुसतं रडू येतं, आन् कशाचं ते बी कळत न्हाई. हे समदे मला मेली समजून राह्यले, आन् मला वाटतं बराबर हाय त्यांचं."

मला फार वाईट वाटलं. मी म्हटलं, सवय होईल. दुसरं काय म्हणणार!

आणि खरंच, पुढच्या पंधरवड्यात चमत्कार झाला. एका सकाळी भिंतीपलीकडून "मुडद्यावानी पडून राह्यले!" असा ललकारा आला. केशवरावांनी दाढीचा वस्तरा खाली ठेवून देवाला नमस्कार केला. बाजारात तिनं बद्रीनाथाला असा झोडपला की त्याचं कापड दुपारीच संपलं. लोकांनी मारुतीला नारळ फोडले. कडूबा अंगणात बसून तिच्या शिव्या खात होता आणि मिशीतल्या मिशीत हसत होता. गोळी सवयीची झाली, असं मी सगळ्यांना सांगत सुटले. गोळी तर चालूच होती. कडूबा रोज सकाळी स्वतःच्या हातानं पाण्याचा तांब्या आणि गोळी तिला द्यायचा आणि ती त्याच्यासमोर तोंडात टाकायची.

फक्त एक गोष्ट जरा वेगळी झाली होती, आणि ती माझ्या लक्षात यायला हवी होती. मी छत्री न्यायला विसरले होते, आणि तरी माझ्या पोटऱ्या शाबूत होत्या.

तांबड्याचं पहाटेचं आरवणं बंद झालं म्हणून गाव उशिरा उठायला लागलं. केशवराव शाळेत पोचेपर्यंत मुलं झाडावर चढलेली असायची. शेवटी एक दिवस कडूबा तांबड्याला काखेत घेऊन माझ्या दाराशी आला. "विमलबाई, ह्याला नजर लागली का काय, बघता का जरा? कोनी बी उचलतं, काही म्हनत न्हाई. काल मांजर शेजारी बसली तर तिला जागा करून दिली."

मी तांबड्याकडे पाहिलं. मान खाली, पापण्या अर्ध्या मिटलेल्या, चेहऱ्यावर अपार माया. आलीस? बरं केलंस, असंच जणू तो मला म्हणत होता. हा चेहरा मी ओळखत होते. मी कडूबाकडे पाहिलं. कडूबानं माझ्याकडे पाहिलं. आणि आम्ही दोघं तडक त्यांच्या घरात गेलो.

जातं असतं त्या कोपऱ्यात, जिथं तांबड्या सांडलेले दाणे टिपायचा, तिथं एक पांढरी गोळी अर्धी विरघळलेली पडली होती. ती बाई रोज गोळी गालात धरायची आणि दळायला बसली की जात्यामागं थुंकायची.

कडूबा मटकन खाली बसला. मला वाटलं, आता हा रडणार. त्याला त्याची बायको परत मिळाली होती, आणि ती का परत मिळाली ते आता कळलं होतं. तो गप्प राहिला असता तर घर, बाजार, गाव, सगळे खूश राहिले असते, आणि आक्काची खाट काही लांब नव्हती. "आज बाजार हाय," तो एवढंच म्हणाला. तांबड्याला त्यानं पुन्हा काखेत मारलं आणि निघाला. मी मागं पळाले.

गोजरबाई बद्रीनाथापुढं उभी होती. चेहरा लालभडक, मानेवरची शीर तट्ट फुगलेली. बाजार हात बांधून, तृप्त होऊन ऐकत होता. कडूबा गर्दीत घुसला आणि एक आवाज आला. तो कुठून आला हे मला आधी कळलंच नाही. जवळचा बैल दावं तोडून पळाला.

"गोजरे! गप!"

सगळा बाजार थिजला. गोजरबाईचं तोंड उघडं ते उघडंच राहिलं.

कडूबानं कोंबडा तिच्यासमोर धरला. तो थरथरत होता, कोंबडा नव्हे, कडूबा. "ह्याला गोळी घालते? ह्याला? ह्याचं काय वाचवायचं हाय? आक्काची वाचा गेली तशी तुही गेली, मंग? ह्या घरात मी कोनाचं ऐकू? सांग ना! सकाळी मला उठवील कोन? तीस वर्सं ऐकून राह्यलो, मला दुसरं काही येतं का? शिव्या नको देऊ. बिलकुल नको देऊ. पर जवळ बसून माह्याशी बोल तर खरी!"

गोजरबाईच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं, आणि या वेळी ते कशाचं हे तिला नक्की कळत होतं. तिनं पदराची गाठ सोडली, बाजाराच्या घाईत दळायचं राहिलं म्हणून तिथं लपवलेली त्या दिवशीची गोळी काढली, कांदेवाल्याच्या तांब्यातलं पाणी घेतलं आणि गिळली. "आ कर," कडूबा ओरडला. तिनं आ केला. सगळ्या बाजारानं वाकून पाहिलं. गोळी गेली होती.

मग बद्रीनाथ हळूच म्हणाला, "मंग... बोहनी करू का आता?"

मी लगेच जालन्याला जाऊन डॉक्टरांना सगळं सांगितलं. ते पोट धरून हसले आणि म्हणाले, "कोंबड्याचा दाब तरी उतरला." मग गंभीर झाले. तिचं रडणं आपल्याला आधीच कळायला हवं होतं, म्हणाले, आणि गोळी निम्मी केली. निम्म्या गोळीनं तिचं रडणं थांबलं, डोळे जागे झाले. दाबही आटोक्यात राहिला. राग मात्र घशाच्या वर आला नाही.

तेव्हा बाजाराची नवी रीत पडली. गोजरबाई पालथ्या पाटीवर बसायची आणि हळू आवाजात सांगायची, आणि कडूबा ते ओरडायचा. त्याला ते जन्मात जमलं नाही. "बद्रीनाथ, मुडद्या, जरा मागं सरकता का जी!" असं काहीतरी व्हायचं. गोजरबाई कपाळाला हात लावायची. "अवो, मुडद्याला जी लावतेत का?" तो पुन्हा ओरडायचा आणि पुन्हा जी लावायचा. पण शेवटी तो "आ कर!" म्हणून गरजायचा, ती गोळी गिळून तोंड उघडून दाखवायची, आणि मगच सगळ्या बाजाराचे तराजू उठायचे. बाकीचे सहा दिवस हे घरी चालायचं, आणि बाजारी तिनं गोळी चुकवली असती तर अख्ख्या पंचक्रोशीची बोहनी अडली असती. असा बंदोबस्त कुठल्या दवाखान्याला जमायचा!

तांबड्या आठवडाभरात मूळपदावर आला. माझी छत्री पुन्हा निघाली.

साठ साली केशवरावांची बदली झाली. सामान गाडीत चढलं. कडूबा आणि गोजरबाई निरोप द्यायला आले. मी हसत हसत म्हटलं, "गोजरबाई, इतकी वर्षं सगळ्या गावाला दिल्या, मलाच एक शिवी दिली नाहीत. आता नव्या गावी चाललेय, माझी बोहनी कशी व्हायची?"

तिनं कडूबाकडे पाहिलं. त्यानं छाती भरून घेतली, तोंड उघडलं, मिटलं. "न्हाई जमत," तो म्हणाला. "मास्तरीनबाई हायेत."

गोजरबाईनं त्याला हातानं बाजूला सारलं. ती माझ्याजवळ आली, माझी मान खाली ओढली आणि माझ्या कानाशी, फुंकरीएवढ्या आवाजात, पण स्वतःच्या तोंडानं म्हणाली, "मुडदे, जाऊन राह्यली ना मला सोडून? जाय. आन् जल्दी ये."

गाडी वेशीबाहेर जाईपर्यंत मी छत्री उघडून तोंडासमोर धरून बसले.